आई-बाबांना घेऊन अमेरिकेत उतरताना ते इमिग्रेशनचं ॲप सगळ्यांना चालतं का?

सदाफुली । १४ डिसेंबर २०२५, सकाळी ८:४०

मंडळी, जुना धागा शोधला. सापडला तो फार जुना, त्यात सगळे विमानात पेन मागून कागदी फॉर्म भरतायत. म्हणून नवीन काढतेय, रागावू नका.

आम्ही न्यू जर्सीत राहतो. नवरा आणि मी ग्रीनकार्डवाले, लेक पाच वर्षांची, ती तिथलीच नागरिक. सध्या पुण्यात माहेरी आहोत, ३ जानेवारीला परत पोचायचं. या वेळी आई-बाबा सोबत येतायत, पहिल्यांदाच, बी-२ म्हणजे पाहुण्यांच्या व्हिसावर. त्यात दिराचा मुलगा ओहायोत शिकतो, एफ-१ वर, त्याचंही तिकीट त्याच विमानाचं. म्हणजे माणसं सहा आणि कागदपत्रं चार जातीची.

मैत्रीण म्हणाली, मोबाइल पासपोर्ट कंट्रोल नावाचं सरकारी ॲप आहे, त्यात सगळ्यांची माहिती एकदा भरायची आणि वेगळ्या रांगेतून पाच मिनिटांत बाहेर. एका फोनवर अख्खं कुटुंब चालतं म्हणे. तर आम्ही सहाही जण त्यातून जाऊ शकू का? बाबांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालंय, दोन तास उभं राहणं अवघड आहे. आईचा प्रश्न वेगळाच आहे, तो खाली लिहिते.

आई: "लाडू, मेतकूट, गोडा मसाला नेला तर पकडतात का गं?"

---

खेकडा_खाडीवरचा । १४ डिसेंबर, सकाळी ९:१५

सहाही नाही. तिघंच: तुम्ही, नवरा, लेक.

ते ॲप अमेरिकन कस्टम्स अँड बॉर्डर प्रोटेक्शनचं म्हणजे सीबीपीचं आहे आणि चार गटांनाच चालतं. अमेरिकन नागरिक, ग्रीनकार्डधारक, बी-१/बी-२ वर येणारे कॅनडाचे नागरिक, आणि व्हिसा माफी असलेल्या देशांचे लोक, तेही इस्टा ही ऑनलाइन परवानगी मंजूर असून पूर्वी एकदा येऊन गेलेले असतील तर. भारतीय पासपोर्टवर बी-२, एफ-१, एच-१बी काहीही असो, या यादीत आपण नाही. एका फोनवर बारा जणांपर्यंत माहिती भरता येते हे मैत्रिणीचं बरोबर, पण ते बाराही जण पात्र हवेत.

काम कसं चालतं ते सांगतो. घरी बसून प्रत्येकाच्या पासपोर्टचा फोटो काढून प्रोफाइल तयार ठेवायचं. विमान उतरलं की विमानतळ आणि टर्मिनल निवडायचं, कस्टमचे प्रश्न हो-नाही करत जायचं, प्रत्येकाचा सेल्फी काढायचा आणि पाठवायचं. त्याची पावती चार तास चालते. मग 'एमपीसी' असा फलक शोधायचा. पैसे शून्य, आधी कुठलीही मंजुरी नको. हे २०१४ मध्ये अटलांटाला सुरू झालं, आता तीसहून जास्त विमानतळांवर चालतं.

अधिकाऱ्यासमोर मात्र उभं राहावंच लागतं. काही जणांना वाटतं ॲपने 'पाठवलं' म्हटलं म्हणजे शिक्का बसला. तसं नाही. कागदाचं काम आधी उरकलेलं असतं एवढंच.

---

सदाफुली । १४ डिसेंबर, सकाळी ९:५२

धन्यवाद खेकडा. म्हणजे लेकीला घेऊन मी पुढे जाणार आणि आई-बाबा मागे परक्या देशात रांगेत, असं करायचं? बाबांना इंग्रजी येतं पण अमेरिकन उच्चार कळत नाहीत. आईला दोन्ही येत नाही असं तीच म्हणते. (ती सगळं समजते.)

---

तिसरी_घंटा । १४ डिसेंबर, सकाळी १०:३०

सदाफुली, उलटं करा. ॲपचा हव्यास सोडा आणि तुम्हीच त्यांच्याबरोबर पाहुण्यांच्या रांगेत उभ्या राहा. ग्रीनकार्डवाल्याने व्हिसावाल्यांच्या रांगेत उभं राहिलं तर कुणी हाकलत नाही. आम्ही सासूबाईंना आणलं तेव्हा असंच केलं. नवरा मुलाला घेऊन ॲपने पुढे गेला, पट्ट्यावरच्या बॅगा उतरवून उभा राहिला, मी त्यांच्याजवळ. काउंटरवर अधिकाऱ्याला म्हटलं, या माझ्या सासूबाई, मराठी बोलतात, मी सांगू का? तो हसून हो म्हणाला. प्रत्येक अधिकारी म्हणेलच असं नाही, पण विचारायला काय जातं.

आणि गुडघ्यासाठी व्हीलचेअर. तिकीट काढलेल्या कंपनीकडे आधी नोंदवा. बाबा नको म्हणतील. माझे वडीलही म्हणाले होते, "मी काय म्हातारा झालोय?" नंतर त्यांनीच व्हीलचेअर ढकलणाऱ्या मुलाशी गप्पा मारून त्याचं गाव-घर सगळं काढून घेतलं.

---

ओव्हरटाइम_ऑस्टिन । १४ डिसेंबर, सकाळी ११:०५

आम्ही एच-१बीवाले इथेही रांगेच्या शेवटीच. 😄

सदाफुली, पुतण्याला सांगा ग्लोबल एंट्री बघ, म्हणजे आधीच तपासणी करून घेऊन येताना झटपट सुटायची सरकारी योजना. भारतीय नागरिकांना ते २०१७ पासून खुलं आहे, व्हिसा कुठलाही असला तरी अर्ज करता येतो. ऑक्टोबर २०२४ पासून फी १२० डॉलर, पाच वर्षांसाठी. भारतीयांची एक जादा पायरी म्हणजे आपल्याकडची पडताळणी, ती पासपोर्ट सेवा पोर्टलवरून होते, आणि घोडं अडतं ते बहुधा तिथेच. मग मुलाखत. ३ जानेवारीपर्यंत होणार नाही, पण पुढच्या वेळी उपयोग.

दुसरं, ॲपच्या नावांचा घोळ समजून घ्या, कारण सीबीपीची ॲपं एक नाही. एमपीसी वेगळं. ग्लोबल एंट्रीवाल्यांचं वेगळं. आणि पूर्वी सीबीपी वन नावाचं होतं, २०२० मध्ये आलेलं. जानेवारी २०२३ पासून त्यावर मेक्सिको सीमेवर आश्रय मागणाऱ्यांना भेटीची वेळ मिळायची. २० जानेवारी २०२५ ला ती सोय बंद झाली आणि मार्चमध्ये त्याच ॲपचं सीबीपी होम झालं. आता ते उघडलं की 'मी देश सोडून जाऊ इच्छितो' हे कळवायची सोय समोर येते. आमच्या टीममधल्या एकाने आय-९४ म्हणजे देशात आल्याची सरकारी नोंद बघायला म्हणून जुनं ॲप उघडलं, ते आपोआप बदललेलं, आणि तो पडद्याकडे बघतच राहिला. बायकोला म्हणाला, "काय गं, आपण काय केलं?"

काही केलं नव्हतं. ते सगळं एकाच ॲपमध्ये कोंबलंय इतकंच. गाडीने सीमा ओलांडणाऱ्यांचा आय-९४ चा अर्ज, नाशवंत मालाच्या तपासणीची विनंती, देश सोडण्याची नोंद. तर आई-बाबांच्या फोनवर हौसेने काही उतरवून देऊ नका. त्यांना कुठलंच ॲप लागत नाही.

---

शेंगदाण्याचं_कूट । १४ डिसेंबर, दुपारी १:२०

एक धोक्याची घंटा माझ्याकडूनही. मी ॲपच्या दुकानात 'मोबाइल पासपोर्ट' शोधलं, पहिलं आलं ते उतरवलं. पासपोर्टचा फोटो घेतला, नाव-गाव घेतलं आणि मग 'कुटुंबासाठी वार्षिक वर्गणी' म्हणून कार्डाचा नंबर मागितला. तेव्हा ट्यूब पेटली. सरकारी ॲप फुकट असतं आणि बनवणाऱ्याच्या जागी सीबीपीचं नाव असतं, ते बघूनच उतरवा. पूर्वी सीबीपीने मान्यता दिलेलं एक खासगी ॲप खरंच होतं, ते २०२२ मध्ये बंद झालं. त्यामुळे जुने व्हिडिओ बघून शोधणारे हमखास फसतात. माझे पैसे गेले नाहीत, पासपोर्टचा फोटो मात्र कुठे फिरतोय देव जाणे.

---

फोडणीची_पोळी । १४ डिसेंबर, दुपारी २:४५

आईंच्या प्रश्नाला कुणी हातच लावला नाही! खरा धागा तो आहे. मी सविस्तर लिहिते, कारण या विषयात मी माझ्या चुकांनी पदवी घेतलीय.

ॲपमध्ये (आणि ॲप नसेल तर अधिकारी तोंडी) साधारण हे विचारतात: फळं, भाज्या, बिया, खाद्यपदार्थ आहेत का. मांस किंवा प्राण्यांपासून केलेलं काही आहे का. माती आणलीय का, किंवा शेतावर, कुरणात गेला होता का. गुराढोरांच्या जवळ होता का. दहा हजार डॉलरहून जास्त रक्कम आहे का.

आपली माणसं खाऊच्या प्रश्नाला 'नाही' दाबतात. कारण 'हो' दाबलं की बॅग उघडणार ही भीती. माझ्या नणदेने सोळा किलो फराळ घेऊन 'नाही' दाबलं होतं. सोळा किलो! पुढे बीगल जातीचं कुत्रं आलं, छोटंसं, गोड, तिच्या बॅगेला नाक लावून शहाण्यासारखं खाली बसलं. ती म्हणाली, "अगं किती लाघवी आहे!" मला माहीत होतं ते का बसलंय. ती कुत्री भुंकत नाहीत, वास लागला की बसतात. जॉर्जियात न्यूनन नावाच्या गावी त्यांची शाळा आहे.

'हो' दाबलं आणि बॅगेत चालणारी वस्तू निघाली तर ती घेऊन तुम्ही घरी. न चालणारी निघाली तर ती त्यांच्या पिंपात आणि तुम्ही घरी. 'नाही' दाबून न चालणारी निघाली, तर तीनशे डॉलरपासून दंड सुरू. ग्लोबल एंट्री असेल तर तीही जाते. 'हो' म्हणजे गुन्ह्याची कबुली नव्हे हो. पण आपल्याला शाळेपासून सवय, विचारलं की आधी नाही म्हणायचं.

आता काय चालतं. लाडू, चकली, शंकरपाळे, बाकरवडी, दळलेले मसाले, मेतकूट, भाजणीचं पीठ, बाटलीतलं लोणचं या गोष्टी मी वर्षानुवर्षं सांगून आणतेय, बहुतेक वेळा "ओके" म्हणून सोडतात. शेवटचा शब्द अधिकाऱ्याचाच. शक्यतो दुकानाचं पाकीट, वर नाव छापलेलं. घरचं असेल तर डब्यावर इंग्रजीत चिठ्ठी: भाजलेलं पीठ, मसाला, जे असेल ते. 'मेतकूट' असं लिहिलं तर तो कुणाला विचारणार?

काय चालत नाही. ताजी फळं-भाज्या, मांसाचं काहीही (सुकी कोळंबी-बोंबील वेगळा विषय, त्यावर वेगळा धागा लागेल), पेरता येईल असं बियाणं. आणि दोन गोष्टी ज्या आपल्याला निष्पाप वाटतात.

कढीपत्ता. संत्री-लिंबांना एक रोग होतो, तो पसरवणारा किडा कढीपत्त्यावरही जगतो. फ्लोरिडाच्या बागा त्या रोगाने उजाड झाल्यात. म्हणून एक डहाळीही नाही.

तांदूळ. हो, तांदूळ. आपल्या कोठारात खपरा नावाचा भुंगेरा असतो. जगभर त्याला त्याच नावाने ओळखतात, आपल्याकडची अशी निर्यात! त्याची अळी अन्नाशिवाय वर्षानुवर्षं फटीत दडून राहते. १९५३ मध्ये तो कॅलिफोर्नियात सापडला, तर हुसकायला त्यांना दहा वर्षांवर लागली. म्हणून खपरा असलेल्या देशांतून प्रवाशाने तांदूळ आणणं २०११ पासून बंद आहे. अर्धा किलो आंबेमोहोर आणि पन्नास किलोचं पोतं त्यांना सारखंच.

---

गोदाकाठचा । १४ डिसेंबर, दुपारी ४:१०

फोडणीची_पोळी, प्रतिसाद जपून ठेवण्यासारखा.

अवांतर, पण आंब्याचं सांगितल्याशिवाय राहवत नाही. सामानातून हापूस नेता येत नाही हे खरं, पण तिथल्या दुकानात तो मिळतो तो आमच्या नाशिक जिल्ह्यातून जाऊन. भारतीय आंब्याला अमेरिकेत १९८९ पासून बंदी होती. २००७ मध्ये उठली ती एका अटीवर, फळांना विकिरण द्यायचं म्हणजे पोटातली कीड निकामी होते. ते केंद्र लासलगावला. मुळात बांधलेलं कांद्यासाठी, कोंब येऊ नयेत म्हणून, पण नाव झालं आंब्याने. नंतर वाशीलाही झालं. करोनात अमेरिकेचे तपासनीस इथे येऊ शकले नाहीत तर दोन हंगाम निर्यातच थांबली, २०२२ ला परत सुरू. तर हापूसला सुद्धा रांग, तपासणी आणि कागद चुकलेले नाहीत.

---

वऱ्हाडी_ठेचा । १४ डिसेंबर, संध्याकाळी ६:३०

शेताच्या प्रश्नाबद्दल कोणी बोलून नाही राहिलं. आम्ही दर वर्षी गावाला जातो, गोठ्यात जातो, लेकरं वासराच्या गळ्यात पडतात. मी ॲपमध्ये 'हो' दाबतो. बाजूला घेतलं, विचारलं की हेच बूट घातले होते का. तळवे पाहिले, मातीचा कण नव्हता, सोडलं. आता गावातली चप्पल गावातच ठेवतो, आई म्हणते बरंच झालं.

आणि ते गोवऱ्यांचं आठवतं का? २०२१ मध्ये वॉशिंग्टनच्या डलेस विमानतळावर मागे राहिलेल्या एका सुटकेसमध्ये दोन गोवऱ्या निघाल्या होत्या. सीबीपीने फोटो टाकले, जगभर बातमी. लाळ्या-खुरकूत रोगाच्या भीतीने नष्ट केल्या म्हणे. कोणाच्या तरी घरचा होम राहिला बाप्पा.

---

बर्फातला_बोका । १५ डिसेंबर, पहाटे ५:०५

टोरोंटोहून. तुमचं ॲप निदान ऐच्छिक आहे. आमच्याकडचं अराइव्हकॅन आठवा. एप्रिल २०२० मध्ये करोनासाठी आणलं, मग सक्तीचं केलं. लसीचा दाखला, कुठे राहणार, सगळं त्यात. माझ्या शेजारच्या आजींकडे साधा बटणांचा फोन, त्यांच्यासाठी मी भरायचो. २०२२ च्या उन्हाळ्यात एका अपडेटने गडबड केली आणि आयफोनवाल्या सुमारे दहा हजार लोकांना, लसी पूर्ण झालेल्या असताना, 'घरात विलग व्हा' असे निरोप गेले. त्या ऑक्टोबरपासून सक्ती उठली.

मग हिशोब निघाला. फेब्रुवारी २०२४ मध्ये महालेखापरीक्षकांनी अंदाज दिला, सुमारे ५ कोटी ९५ लाख कॅनडी डॉलर. वर म्हटलं की नोंदी इतक्या वाईट ठेवल्यात की नेमका आकडा सांगताच येत नाही. एका ॲपला! आपल्या ग्रामपंचायतीच्या रस्त्यासारखी गोष्ट आहे.

गंमत म्हणजे आता तेच ॲप चांगलं चालतं. कस्टमचं निवेदन उतरायच्या ७२ तास आधी भरून ठेवता येतं, मग विमानतळावरच्या यंत्रापुढचा वेळ वाचतो. मी वापरतो. पण आईला अजून सांगितलेलं नाही की हे तेच.

ग्रीनकार्डवाल्यांसाठी एक: नायगारा बघायला इकडे येत असाल तर २०२२ च्या एप्रिलपासून तुम्हाला कॅनडाचा व्हिसाही नको, ईटीए ही ऑनलाइन परवानगीही नको, वैध पासपोर्ट आणि ग्रीनकार्ड पुरे. आई-बाबांना मात्र कॅनडाचा व्हिसा लागेल. दर उन्हाळ्यात कुणीतरी त्यांना गाडीत बसवून सीमेवरच्या पुलापर्यंत येतं आणि परत जातं.

---

ओव्हरटाइम_ऑस्टिन । १५ डिसेंबर, पहाटे ५:४०

बोक्याने नायगारा काढलाच आहे तर, आय-९४ विसरू नका. विमानाने आलात की तो आपोआप तयार होतो, कागद मिळत नाही, सीबीपीच्या संकेतस्थळावर पासपोर्ट नंबर घालून बघायचा. सदाफुली, घरी पोचलात की दोन दिवसांत आई-बाबांचा बघा. मुक्काम किती तो व्हिसावर नसतो, आय-९४ वर असतो. व्हिसा दहा वर्षांचा म्हणून दहा वर्षं राहता येतं असं समजणारे काका मला भेटलेत.

नाव, जन्मतारीख, 'इथपर्यंत राहू शकता' ती तारीख, तिन्ही ताडून घ्या. चूक असेल तर डिफर्ड इन्स्पेक्शन नावाची कार्यालयं असतात, तिथे दुरुस्त होते. माझी तारीख एकदा पासपोर्ट संपतो तिथेच कापली होती. ती चूक नव्हती, माझा पासपोर्ट लवकर संपत होता. मला ते चार महिन्यांनी कळलं. तेव्हाची झोप अजून भरून निघायचीय.

गाडीने सीमा ओलांडणाऱ्यांना आय-९४ ॲपवरूनही आधी भरता येतो, पण सप्टेंबर २०२५ अखेरपासून त्याची फी सहा डॉलरची तीस झालीय.

---

सिंगापुरी_शेव । १५ डिसेंबर, सकाळी ८:२०

आमच्याकडे सगळ्यात सोपं म्हणून मिरवून घेते. वुडलँड्स आणि तुआस, मलेशियातल्या जोहोरकडे जायचे दोन रस्ते. मार्च २०२४ पासून गाडीतून जाणाऱ्यांना पासपोर्ट काढावाच लागत नाही. मायआयसीए ॲपमध्ये सगळ्यांचे तपशील भरून एक क्यूआर कोड करायचा, गाडीतल्या दहा जणांपर्यंत एकच. खिडकी खाली, कोड दाखवला, काच वर. पहिल्यांदा येणाऱ्या पाहुण्यांना पासपोर्टच लागतो. आणि सिंगापूरचा सुटला म्हणून मलेशियाच्या बाजूचा सुटत नाही, पासपोर्ट घरी ठेवून निघू नका. आमच्या भिशीतल्या एकीने ठेवला होता.

कस्टमचं ॲप वेगळं. त्यात परत येताना खरेदी जाहीर करून कर तिथेच भरता येतो. ४८ तासांहून कमी बाहेर असाल तर शंभर सिंगापुरी डॉलरपर्यंत करमाफी, त्याहून जास्त असाल तर पाचशे. शनिवारी जोहोरला जाऊन ट्रॉली भरून आणणाऱ्यांना ही पहिली ओळच वाचायची नसते.

---

निवृत्त_कारकून । १५ डिसेंबर, सकाळी ११:००

सर्वांस नमस्कार. बॅलार्ड इस्टेटच्या कस्टम हाउसात माझी नोकरी गेली, काही वर्षं विमानतळावरही होतो. आपण सारे तिकडच्या दाराबद्दल लिहीत आहात, इकडच्या दाराबद्दल दोन शब्द.

आई-बाबा जाताना अंगावर किंवा बॅगेत बऱ्यापैकी दागिने असतील तर निघण्याच्या दिवशी विमानतळावरील कस्टमकडून एक्सपोर्ट सर्टिफिकेट करून घ्यावे. वजन, वर्णन, शक्य तर मूल्यांकनाचा कागद जवळ ठेवावा. परत येताना "हे इथूनच नेले होते" हे सिद्ध करण्याची पाळी प्रवाशावर येते, आणि तेव्हा लग्नातल्या फोटोवर काम भागत नाही. मी लग्नाचे अल्बम उघडून दाखविणाऱ्या कितीतरी आज्या पाहिल्या आहेत. वाईट वाटायचे, पण फोटोतील पाटल्या आणि हातातील पाटल्या त्याच, हे मी कसे लिहून देणार?

ॲपविषयी. आपल्या केंद्रीय अप्रत्यक्ष कर मंडळाने नोव्हेंबर २०१९ मध्ये 'अतिथी' हे ॲप आणले. शुल्क लागणाऱ्या वस्तू आणि चलन यांचे निवेदन त्यात उतरण्याआधी भरता येते. बहुतेकांना त्याचे नाव माहीत नाही. बॅगेज नियमांनुसार परत येणाऱ्या भारतीयास ठरावीक मर्यादेपर्यंतच्या वस्तू शुल्कमुक्त, शिवाय एक लॅपटॉप. मुलीने दिलेला दुसरा लॅपटॉप व तिसरा फोन त्यात धरावेत. लाल मार्गाने जाऊन स्वतः सांगणाऱ्या माणसाशी आम्ही कधी आवाज चढवून बोललो नाही. हिरव्या मार्गाने मान खाली घालून भरभर चालणारा मात्र लांबूनच ओळखू यायचा.

आणखी एक. इकडच्या इमिग्रेशनसाठी एफटीआय-टीटीपी ही योजना जून २०२४ मध्ये दिल्लीला व जानेवारी २०२५ मध्ये मुंबईसह सात विमानतळांवर सुरू झाली. भारतीय नागरिक व ओसीआय कार्डधारकांना खुली, फी नाही. संकेतस्थळावर नोंदणी, मग बोटांचे ठसे, पुढे स्वयंचलित फाटकातून जाता येते. आपल्या आई-बाबांना अमेरिकेत रांग चुकणार नाही, पण मुंबईत पुढे चुकवता येईल.

---

सदाफुली । १५ डिसेंबर, दुपारी १२:१५

काका, नमस्कार आणि मनापासून धन्यवाद. एक्सपोर्ट सर्टिफिकेटचं ऐकून आईने पाटल्या मावशीकडे ठेवायचं ठरवलंय. "कागदं करत बसण्यापेक्षा बरं." बाबांनी एफटीआयचा फॉर्म उघडला आहे आणि अर्ध्या तासापासून फोटोचा आकार कमी करतायत.

ठरलं ते असं: नवरा आणि लेक एमपीसीने. मी आई-बाबांबरोबर. पुतण्या त्याच्या रांगेत, तो म्हणाला, "काकू, मी एकटाच बरा."

---

तिसरी_घंटा । १५ डिसेंबर, दुपारी १२:४०

उत्तम. आणि एक चिठ्ठी करा आई-बाबांसाठी: तुमचा पत्ता, फोन, परतीच्या तिकिटाची तारीख. विचारतात ते तीनच प्रश्न, कशाला आलात, किती दिवस, कुठे राहणार. बाबांना सांगा की 'मुलीला मदत करायला' असं म्हणू नका. मदत म्हटलं की त्यांना काम ऐकू येतं. नातीला भेटायला आलोय, खरंच आहे ते.

---

खेकडा_खाडीवरचा । १५ डिसेंबर, दुपारी १:०५

घंटाला अनुमोदन. आणि २६ डिसेंबरपासून नवा नियम लागू होतोय, जे अमेरिकन नागरिक नाहीत त्या सगळ्यांचा येताना आणि जाताना चेहऱ्याचा फोटो काढता येईल. ग्रीनकार्डवालेही त्यात आले. दचकू नका.

---

सदाफुली । ६ जानेवारी २०२६, रात्री ९:३०

पोचलो. जेट लॅगमुळे आई-बाबा रात्री तीनला चहा करतात, बाकी ठीक. वृत्तांत देते, कारण असे धागे अर्धवट सोडणाऱ्यांचा मलाच राग येतो.

ॲप: विमान टेकल्यावर नवऱ्याने उघडलं. लेकीचा सेल्फी चार वेळा घ्यावा लागला, ती दर वेळी जीभ काढत होती. त्यांच्या रांगेत त्यांना दहा-बारा मिनिटं लागली. पुतण्याला तास. आम्हाला पाऊण तासच, कारण बाबा व्हीलचेअरवर होते. (घंटाताई, दंडवत. ते ढकलणाऱ्या बाईंना ज्ञानेश्वरांबद्दल सांगत होते, इंग्रजीत.)

काउंटरवर मला बोलू दिलं नाही. अधिकारी आईकडे बघून म्हणाला, तिलाच सांगू दे. मी घाबरले. आईने सरळ इंग्रजीत सांगितलं, नात, न्यू जर्सी, पाच महिने. वर विचारलं, "एनी प्रॉब्लेम?" मी तिच्याकडे बघतच राहिले.

मग खाऊ. त्याने विचारलं, मी तोंड उघडायच्या आत आई म्हणाली, "येस. लॉट." आम्हाला बाजूच्या तपासणीला पाठवलं. लाडू ओके, मेतकूट ओके, मसाला ओके, भाजणी हुंगून ओके. शेवटी बाबांच्या स्वेटरमध्ये गुंडाळलेली एक पिशवी निघाली. आंबेमोहोर, दोन किलो. हा धागा मी आईला मोठ्याने वाचून दाखवला होता, तांदळासकट! ती म्हणाली, "तुझ्या लेकीला भाताची पेज करून घालणार होते, म्हटलं थोडासा काय होतोय."

तिथल्या तपासणाऱ्या बाईंनी पिशवी घेतली, फॉर्मवर काहीतरी लिहिलं, आधीच खाऊ आहे म्हणून सांगितलंत तेव्हा दंड नाही म्हणाल्या. पिंपात टाकताना आई त्यांना विचारत होती की टाकण्यापेक्षा तुम्हीच घरी न्या ना.

आय-९४ बघितला. दोघांचाही २ जुलैपर्यंत. बाबांनी छापून फ्रिजवर लावलाय, बाजूला लाल पेनने 'परत' असं लिहून.

---

फोडणीची_पोळी । ६ जानेवारी, रात्री ९:४८

"येस. लॉट." 😂 काकूंना माझा नमस्कार सांगा. इथल्या भारतीय दुकानात आंबेमोहोर मिळतो, रीतसर आलेला. मुळशीचा वास नाही त्याला, पण पेज होते.

---

वऱ्हाडी_ठेचा । ६ जानेवारी, रात्री १०:१५

भाजणी हुंगून ओके म्हणणाऱ्या बाईला थालीपीठ काहून नाही दिलं?

---

नवीन_पाखरू । ७ जानेवारी, सकाळी ७:२०

नमस्कार, धागा पूर्ण वाचला. आमचे सासू-सासरे मार्चमध्ये येतायत, अबू धाबीवरून. तिथेच अमेरिकेचं इमिग्रेशन आणि कस्टम दोन्ही होतं म्हणतात, मग खाऊची तपासणीही तिथेच का? आणि पुरणपोळ्या खव्याच्या नसतील तर चालतील ना?

---

खेकडा_खाडीवरचा । ७ जानेवारी, सकाळी ७:५५

हो, तिथेच. इकडे उतरलात की देशांतर्गत विमानासारखं थेट बॅग घेऊन बाहेर. पोळ्यांचं फोडणीच्या पोळीला विचारा.

---

फोडणीची_पोळी । ७ जानेवारी, सकाळी ८:०२

तेलपोळ्या का गुळपोळ्या? किती नग?